व्हेरा मेंचिक क्लबाचे सभासद

मोबाईल घरीच ठेवा. पहिल्या मुक्कामावर त्याला रेंज मिळणार नाही, आणि शेवटच्या मुक्कामावर तो दारातच काढून घेतील. कोट मात्र बरा घाला. तुम्ही १९२९च्या ऑगस्टमध्ये, चेकोस्लोव्हाकियातल्या कार्ल्सबादला उतरला आहात. गरम पाण्याच्या झऱ्यांचं हे गाव. युरोपभरातली श्रीमंतांची पोटदुखी इथं मुक्कामाला येते. तोटीच्या कपातून खारट, कोमट पाणी घोट घोट पीत माणसं रस्त्यानं फिरतायत. तुम्हीही एक घोट घ्या, तोंड वाकडं करा आणि चला. आपल्याला पाणी प्यायला यायचं नव्हतं.

दालनात पाऊल टाकलंत की आधी भेटतो तो धूर. सिगार, पाइप, सिगारेट. पटाशी बसून ओढायला अजून बंदी नाही. मग कानावर येते टिकटिक, लाकडी पेट्यांतल्या जोडघड्याळांची. बावीस खेळाडू, एकवीस फेऱ्या, म्हणजे जवळजवळ महिनाभर रोज एक डाव. तो बघा कापाब्लांका, दोन वर्षांपूर्वी जगज्जेतेपद गमावलेला, तरी अजून राजासारखा चालतो. त्याच्याकडून ते पद घेणारा अलेखिनही गावात आहे, पण खेळायला नाही. तो न्यूयॉर्क टाइम्ससाठी स्पर्धेचा वृत्तांत लिहितोय. आणि तो निम्झोविच. ही स्पर्धा तोच जिंकणार आहे. कुणाला सांगू नका.

आता टेबलांच्या रांगेवरून नजर फिरवा. एकवीस पुरुष मोजलेत की एक बाई उरते. २३ वर्षांची, गोल चेहऱ्याची, शांत. व्हेरा मेंचिक. जन्म मॉस्कोचा, वडील चेक, आई इंग्रज. क्रांतीनंतर घराची घडी विस्कटली आणि आई दोन्ही मुलींना घेऊन इंग्लंडमधल्या हेस्टिंग्जला आली. व्हेराला इंग्रजी धड येत नव्हतं. बुद्धिबळाच्या क्लबात फारसं बोलावं लागत नाही, म्हणून ती तिथं जाऊ लागली. क्लबात तिला गेझा मारोत्सी हा हंगेरियन गुरू भेटला. १९२७मध्ये लंडनला बायकांची पहिली जागतिक अजिंक्यपद स्पर्धा झाली, तेव्हा ११ डावांत साडेदहा गुण मिळवून ती जिंकली. पण इथं, ह्या बावीस जणांत, तिला बोलावलं ह्याचंच पुष्कळांना हसू येतंय.

जरा त्या घोळक्यात जाऊन उभे राहा. व्हिएन्नाचा आल्बर्ट बेकर रंगात आलाय. त्याची सूचना अशी, की ह्या बाईंकडून जो हरेल त्याला 'व्हेरा मेंचिक क्लबा'चं सभासदत्व बहाल करावं. सगळे खो खो हसतात. तुम्ही हसू नका, थोडं थांबा. बेकरचा आणि मेंचिकचा डाव लागतो. ती अंगावर धावून जाणारी खेळाडू नाही. मारोत्सीच्या तालमीत शिकलेली, घरं एकेक करून ताब्यात घेणारी, समोरच्याला कंटाळा येईपर्यंत न चुकणारी. बेकर हरतो. क्लबाचा पहिला सभासद तोच. पुढे फ्रीडरिश झेमिशही हरतो. दोन सभासद झाले.

इथं एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी, कारण तिच्याबद्दल लिहिताना ती नेहमी गाळली जाते. मेंचिक कार्ल्सबादला शेवटची आली. एकवीस डावांत तीन गुण. जिंकलेले दोन, बरोबरीचे दोन, बाकी सतरा हरलेले. बेकर पहिल्या सातांत होता. तरीही आज त्याचं नाव ज्या एका कारणानं घेतलं जातं, ते तुम्ही आत्ता समोर बघितलंत.

दोन वर्षांनी पुढे या. १९३१ संपून १९३२ उजाडतंय. हेस्टिंग्ज. दर नाताळात इथं स्पर्धा भरते. बाहेर समुद्राचा बोचरा वारा, आत पुन्हा धूर. मेंचिकच्या समोर बसलेला उंच डच गृहस्थ म्हणजे मॅक्स युवे. पोटापाण्यासाठी तो ॲमस्टरडॅमला मुलींच्या शाळेत गणित शिकवतो. गेल्या हिवाळ्यात तो इथंच तिच्याकडून हरला होता. आज पुन्हा हरतो. एकदा हरला तर अपघात म्हणता येईल, दोनदा हरला म्हणजे क्लबाचा पक्का सभासद. चार वर्षांनी हा माणूस अलेखिनला हरवून जगज्जेता होणार आहे. तोंडापाशी आलेलं असलं तरी गिळा. पण त्याचा चेहरा नीट बघून ठेवा, तो आपल्याला पुन्हा भेटणार आहे.

ह्याच स्पर्धेत आणखी एक जण क्लबात दाखल होतो, आणि तो आपल्याकडचा आहे. सर उमर हयात खानांबरोबर पंजाबातून आलेला मीर सुलतान खान. लहानपणी तो देशी नियमांनी खेळला, तरी इथं येऊन त्यानं ब्रिटिश अजिंक्यपद जिंकलं. असं तो एकूण तीनदा करणार आहे. त्याला मेंचिक हरवते. पंजाबच्या खेड्यातला माणूस आणि मॉस्कोत जन्मलेली मुलगी इंग्लंडच्या किनाऱ्यावर एका पटाशी बसलेत, आणि दालनातल्या बऱ्याच जणांना दोघंही तिथं शोभत नाहीत असं वाटतंय. तुम्हाला ह्यात काही विनोदी दिसलं तर दिसो. मला तो त्या काळातला सर्वांत सुंदर डाव वाटतो, चाली कशाही असोत.

१९४४च्या जूनमध्ये मी तुम्हाला नेणार नाही. लंडनच्या क्लॅपहॅम भागात एका घरावर जर्मनांचा उडता बॉम्ब पडला. व्हेरा, तिची आई आणि तिची बहीण ओल्गा तिघीही गेल्या. व्हेरा ३८ वर्षांची होती आणि अजून जगज्जेती होती.

१९५०मध्ये मात्र मिनिटभर थांबा. तोवर 'ग्रँडमास्टर' हा वर्तमानपत्रांनी आणि आयोजकांनी सैलपणे वापरलेला शब्द होता. आता फिडेनं, म्हणजे बुद्धिबळाच्या जागतिक महासंघानं, अधिकृत किताब सुरू केलाय आणि पहिली यादी काढलीय. नावं २७. वाचा. बॉटविनिक, ब्रॉनस्टाइन, केरेस, स्मिस्लोव्ह. पुढे युवे. रेशेव्हस्की. झेमिश. म्हातारे मीसेस. हे शेवटचे चौघे तिच्याकडून कधी ना कधी हरलेले, म्हणजे क्लबाचे निदान चार सभासद ह्या यादीत आहेत, शिवाय तिचे गुरुजी मारोत्सीही. बाई एकही नाही. यादी जिवंत खेळाडूंची होती, त्यामुळे कापाब्लांका आणि अलेखिनही तीत नाहीत. मेंचिक जगली असती तर तिचं नाव आलं असतं का? मला नाही वाटत. त्याच वर्षी फिडेनं बायकांसाठी एक वेगळा, खालचा किताब काढला. तिची बोळवण त्याच्यावर झाली असती.

सुलतान खानालाही तेव्हा काही मिळालं नाही. तो जिवंत होता, पाकिस्तानात होता, आणि केव्हाच पटापासून दूर गेला होता. फिडेनं त्याला मानद ग्रँडमास्टर केलं ते २०२४मध्ये, त्याच्या मृत्यूनंतर ५८ वर्षांनी.

आता कोट काढा. मुंबई आहे, घाम येईल. साल १९७६, जागा गिरगाव. नाट्याचार्य कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांनी काढलेलं 'नवाकाळ' आता त्यांचे नातू नीळकंठ खाडिलकर चालवतायत. त्यांच्या अग्रलेखांवर गाड्यांतून, नाक्यांवर वाद झडतात. पण तुम्ही अग्रलेखासाठी आलेला नाहीत, त्यांच्या तीन मुलींसाठी आला आहात. थोरली वासंती. बंगलोरला १९७४मध्ये बायकांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा झाली, ती तिनं जिंकली. मग जयश्री. ती पुढे भारताची पहिली महिला इंटरनॅशनल मास्टर होईल, आणि वडिलांच्या मागून 'नवाकाळ'ही सांभाळेल. धाकटी रोहिणी. पहिली दहा वर्षं बायकांचं राष्ट्रीय अजिंक्यपद ह्या तिघींच्या घराबाहेर गेलं नाही. घरात संध्याकाळी कोण कुणाशी खेळत असेल आणि हरल्यावर कोण कुणाशी बोलत नसेल, ह्याची कल्पना तुम्हीच करा.

रोहिणी १३ वर्षांची आहे. ह्या वर्षी ती बायकांची राष्ट्रीय विजेती होते, आणि आणखी एक गोष्ट करते. पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत खेळायला बसते.

त्या दालनाच्या कोपऱ्यात एक खुर्ची घ्या. तेरा वर्षांची मुलगी आणि समोर वाढलेली माणसं. कुणाचं काय अडलं, असं तुम्हाला वाटेल, कारण तुम्ही पुढच्या काळातून आलात. पण गदारोळ उठतो. स्पर्धेच्या नावातच 'पुरुष' आहे, मग ही इथं कशी? प्रकरण उच्च न्यायालयात जातं आणि अपिलाचा निकाल मुलीच्या बाजूनं लागतो. वाद फिडेपर्यंतही पोचतो. फिडेचे अध्यक्ष निर्णय देतात, की राष्ट्रीय किंवा आंतरराष्ट्रीय अजिंक्यपद स्पर्धेत बाई आहे म्हणून कुणाला अडवता येणार नाही.

अध्यक्षांचं नाव मॅक्स युवे.

तोच हेस्टिंग्जचा उंच गणितमास्तर, आता पंच्याहत्तरीतला. त्याला निर्णय देताना मेंचिकची आठवण झाली असेल का, हे कोण सांगणार? पण जो माणूस एका बाईकडून लागोपाठ दोन हिवाळे हरला, त्याला बाईनं समोर बसण्यात गैर काय असतं हे समजावून सांगायची गरज पडली नसावी. कार्ल्सबादला थट्टा झाली, आपल्याकडे हरकत घेतली गेली. दोन्हींत मला थट्टा परवडली. थट्टा करणारा निदान समोर बसून खेळतो, आणि हरला की सभासद होतो. हरकत घेणाऱ्याला हरायची भीतीच उरत नाही.

रोहिणी १९८१मध्ये हैदराबादला आशियाई विजेती झाली. तिच्या मागून भाग्यश्री साठे-ठिपसे आणि अनुपमा अभ्यंकर-गोखले आल्या, त्यांनीही राष्ट्रीय अजिंक्यपदं घरी आणली. ग्रँडमास्टर मात्र ह्यांतली एकही झाली नाही. त्या काळात देशात पुरुषही झाले नव्हते म्हणा. विश्वनाथन आनंद पहिला झाला तो १९८८मध्ये.

पहिली बाई कुठं झाली ते बघायला १९७७च्या कॅलिफोर्नियात एक फेरी मारू. लोन पाइन हे वाळवंटाच्या काठचं चिमुकलं गाव, मागे सिएरा नेवाडाची बर्फाची भिंत. लुई स्टॅथम नावाचा धनवान इंजिनिअर स्वतःच्या खर्चानं इथं मोठी स्पर्धा भरवतो. जॉर्जियाची नोना गाप्रिन्दाश्विली, १९६२पासूनची बायकांची जगज्जेती, इथं नऊ डावांत साडेसहा गुण करते आणि तीन पुरुषांबरोबर पहिला क्रमांक वाटून घेते. पुढच्या वर्षी फिडे तिला ग्रँडमास्टर करते. पूर्ण, बिनविशेषणाचा किताब मिळालेली ती पहिली बाई.

पुढे ४२ वर्षांनी एका गाजलेल्या मालिकेत निवेदक सांगतो, की नोना कधी पुरुषांशी खेळलीच नाही. तिनं नेटफ्लिक्सवर दावा लावला. मालिकेतला तो प्रसंग १९६८चा, आणि तोवर ती किमान ५९ पुरुषांशी खेळली होती असं दाव्यात म्हटलं होतं. २०२२मध्ये तडजोड झाली. ऐंशी वर्षांची बाई एका खोट्या वाक्यासाठी कोर्टात जाते ह्याचं काहींना आश्चर्य वाटलं. मला नाही वाटलं. त्या एका वाक्यात तिचं सगळं आयुष्य पुसलं जात होतं.

आता बुडापेस्ट. इथं घाई करू नका. पोल्गार कुटुंबात तीन मुली आहेत. खाडिलकरांसारख्याच तिघी, पण ह्या शाळेत जात नाहीत. अलौकिक बुद्धी जन्मत नाही, घडवता येते, असं वडील लाझ्लोंचं मत. मुलींना घरीच शिकवण्यासाठी त्यांनी अधिकाऱ्यांशी भांडण मांडलंय. हा प्रयोग बापानं स्वतःच्या मुलींवर करावा का, हा प्रश्न मला छळतो. पण निकाल समोर आहे, त्यामुळे विचारायचा कुणाला?

थोरली सुझान. १९८६च्या नोव्हेंबरात तिच्या घरी काय वाटलं असेल पाहा. फिडेनं जगातल्या सगळ्या खेळत्या बायकांच्या गुणांकनात १०० गुण वाढवले. फक्त एकीला वगळून. ती एक म्हणजे सुझान पोल्गार. कारण असं, की इतर बायका आपापसांतच खेळतात म्हणून त्यांचे आकडे दबलेले आहेत, आणि सुझान पुरुषांशी खेळते म्हणून तिचा आकडा खराच आहे. तर्क ऐकायला ठीक वाटतो. परिणाम असा, की जानेवारीच्या यादीत ती पहिल्या क्रमांकावरून खाली आली. पुरुषांच्या टेबलाशी बसल्याचा दंड म्हणा ना. तिनं टेबल सोडलं नाही. १९९१च्या जानेवारीत, स्पर्धांतली ठरलेली कामगिरी आणि गुणांकन मिळवून, म्हणजे पुरुष ज्या वाटेनं जातात त्याच वाटेनं, ती ग्रँडमास्टर झाली. त्या वाटेनं जाणारी पहिली बाई.

त्याच वर्षीच्या डिसेंबरात तुम्ही हंगेरीच्या राष्ट्रीय स्पर्धेत उभे आहात. नावात 'महिला' नसलेल्या स्पर्धेत. धाकटी ज्युडिट पंधरा वर्षं चार महिन्यांची आहे आणि ती ही स्पर्धा जिंकून ग्रँडमास्टर होते. बॉबी फिशर १९५८मध्ये साडेपंधरा वर्षांचा असताना ग्रँडमास्टर झाला होता. तो विक्रम ३३ वर्षं टिकला आणि आज मोडला, तोही मुलीनं. ज्युडिट बायकांच्या जगज्जेतेपदासाठी आयुष्यात कधी खेळली नाही. तिला त्याची गरजच वाटली नाही. सर्वांच्या यादीत ती जगात आठवी झाली. २००२च्या सप्टेंबरात मॉस्कोत तिनं जलद डावात गॅरी कास्पारोव्हला हरवलं. बायकांच्या खेळाबद्दल तुच्छतेनं बोललेला हा जगातला पहिल्या क्रमांकाचा खेळाडू. बेकरच्या क्लबाचं कार्यालय अजून उघडं असतं तर त्या संध्याकाळी एक अर्ज नक्की आला असता.

आणि आता २८ जुलै २०२५. जॉर्जियाचं बातुमी, काळ्या समुद्राच्या काठी, नोनाच्या देशात. इथं मोबाईल दारात काढून घेतात, झडती होते, धूर नावालाही नाही. बायकांच्या विश्वचषकाची अंतिम फेरी आहे आणि पटाच्या दोन्ही बाजूंना भारत. एकीकडे कोनेरू हंपी. ती २००२मध्ये मुलींमधला ज्युडिटचा वयाचा विक्रम मोडून ग्रँडमास्टर झाली. दुसरीकडे नागपूरची दिव्या देशमुख, १९ वर्षांची. हंपीनं तो विक्रम मोडला तेव्हा दिव्याचा जन्म व्हायला तीन वर्षं होती.

दिव्या इथं आली तेव्हा तिच्याकडे ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म नव्हता. नॉर्म म्हणजे एखाद्या मोठ्या स्पर्धेत ग्रँडमास्टरच्या तोडीची कामगिरी. असे साधारण तीन लागतात, शिवाय गुणांकन २५००पर्यंत न्यावं लागतं. कित्येकांची उमेदीची वर्षं तिसऱ्या नॉर्ममागे जातात. पण काही स्पर्धा अशा आहेत, की जिंकणाऱ्याला किताब थेट मिळतो. ही त्यांतली एक.

दोन दीर्घ डाव बरोबरीत सुटलेत. आज जलद डाव. पहिलाही बरोबरीत. दुसऱ्यात दिव्याकडे काळी मोहरी. तुम्ही पट बघू नका, घड्याळं बघा. हंपीचा वेळ आटत चाललाय, आणि वेळ आटला की अनुभवी हातही चुकतो. चूक होते. दिव्या ती सोडत नाही. हात मिळवले जातात, आणि ती आईला मिठी मारून रडते. भारतातून हा चषक जिंकणारी ती पहिली.

किताब बायकांच्या स्पर्धेतून आला, ज्युडिटसारखा पुरुषांना मागे टाकून नाही, असं म्हणणारे भेटतील. त्यांना वाटेत कोण कोण होतं ते सांगा. चौथ्या फेरीत चीनची झू जिनर, मग द्रोणवल्ली हरिका, उपांत्य फेरीत माजी जगज्जेती तान झोंगयी, शेवटी हंपी. चौघीही ग्रँडमास्टर. सलग चार ग्रँडमास्टरांना बाद करणाऱ्याला नॉर्म दाखवा म्हणणं हा कागदी न्याय झाला. आक्षेपात एक खरी गोष्ट आहे, तीही कबूल करू. खुल्या स्पर्धांत मुलींची संख्या अजून फार थोडी असते, आणि ज्युडिटची वाट आजही जवळजवळ ओस आहे. ती वाट कायद्यानं मोकळी झाली १९७६मध्ये. त्यावरून चालायला मात्र प्रशिक्षक, प्रवासाचा खर्च, आणि मुलीला एकटीला परगावी पाठवणारे आईबाप लागतात, आणि ते कुठल्याच अध्यक्षाच्या निर्णयानं मिळत नाहीत.

महाराष्ट्राला पहिली महिला राष्ट्रीय विजेती १९७४मध्ये मिळाली, पूर्ण ग्रँडमास्टर किताब मिळवणारी पहिली बाई २०२५मध्ये. त्या दिवशी भारताचे ग्रँडमास्टर ८८ झाले. त्यांत बायका चार: कोनेरू हंपी, द्रोणवल्ली हरिका, आर. वैशाली आणि दिव्या देशमुख.